थपडेचा आवाज

मार्चमधला शेवटचा शनिवार, संध्याकाळ. अमरावती, भाड्यानं घेतलेला हॉल. हजर: आमच्या विनोदी नाटकगटाचा मालक, ज्याला माझ्याहून लहान असूनही सगळे दादा म्हणतात, माझ्या अकोल्याच्या नाट्यवर्गातली विद्यार्थिनी पल्लवी, तिचा पहिला प्रयोग, विंगेत मी, समोर भरलेल्या खुर्च्या.

"उष्टी कोण काढीन, तुही माय?" दादा गरजला आणि त्यानं पल्लवीच्या कानशिलात मारली. हॉल हसला.

थप्पड खोटी होती. आमच्या खेळात लिहिलेलं काही नसतं. प्रेक्षक एक शब्द देतात, आम्ही तिथल्या तिथे प्रसंग उभा करतो. जोडीदारानं दिलेलं नाकारायचं नाही, हा एकच नियम. थपडेत मारणारा नुसता हात गालाजवळून नेतो. आवाज मार खाणारा काढतो, छातीशी टाळी वाजवून.

पल्लवीची टाळी स्वच्छ वाजली. मी शिकवलेली.

कित्येक वर्षं हेच. प्रेक्षक 'बँक' म्हणाले, दादा साहेब, मी चपराशी. 'लग्न' म्हणाले, दादा वरबाप, मी खरकटं उचलणारा. एकदा 'चंद्र' म्हणाले. दादा चंद्रावरही शेतमालक आणि मी वर्षाच्या बोलीवर राबणारा त्याचा सालदार. न ठरवलेल्या खेळात हे ठरवत कोण होतं? विचारलं तर दादा म्हणाला, "अबे, तुमच्या लोकायले हे पात्र जमते. रक्तात हाय." सगळे हसले. मीही.

आम्ही बौद्ध. सालदारकी माझ्या आज्यानं सोडली, बाप शाळेत शिकवायचा. मी तीच सालदारकी तिकीट लावून करत होतो.

पुढच्या प्रसंगात दादानं मला ओढलं. "काय बे, बैल कुठं सोडले?" हात गालाजवळून नेला.

मी हात खाली ठेवले.

आवाज झाला नाही.

"टाळी वाजव ना बे," तो दातातून बोलला.

"मारतं तू. आवाजही तूच काढ."

मग त्यानं खरी मारली. पूर्ण हातानं. कानात शिट्टी, तोंडात रक्त. काही लोक हसत होते, त्यांना तो खेळच वाटला. त्याचा हात पुन्हा उठला. मी मनगट धरलं, पिरगाळलं. तो गुडघ्यावर आला. "सोड! सोड बे!"

मी लोकांकडे पाहिलं. "हा खेळ नाही. यानं मले खरं मारलं. तुमी सारे साक्षीदार."

हसू थांबलं. मी त्याला सोडलं. आणखी मारायचं होतं. मोडायचं होतं ते मनगट.

तिथून दवाखाना, मग पोलीस ठाणं. कानाचा पडदा फाटला होता. तक्रार नोंदवली. साक्षीला कोणी आलं नाही. तक्रार मागे घेणार नाही.

अकोल्यातल्या वर्गाचा पहिला धडा मी बदलला आहे. पाय रोवायचे आणि मोठ्यानं 'नाही' म्हणायचं. नाही म्हटल्यावरही प्रसंग पुढे जातो, तो मी करून दाखवतो.

पल्लवी वर्गाला येत नाही. दादाच्या पुढच्या जाहिरातीत तिचं नाव आहे. ती अकोल्याजवळ बार्शीटाकळीला राहते. फोनवर सांगण्यासारखी ही गोष्ट नाही. तिच्या दारात जायचं आहे, आणि शिकवलेली टाळी तिच्या हातांतून काढून घ्यायची आहे.

ते अजून झालेलं नाही.