टरबुजाचा हात

मी पगार घेऊन बेसबॉल खेळतो. आखातातल्या एका लीगमध्ये कॅचर आहे. बाभुळगाव तालुक्यातल्या आमच्या तांड्यावर हे सांगितलं की लोक अजूनही विचारतात, "म्हणजे क्रिकेटच ना?" आता मी भांडत नाही. आधी भांडायचो.

कॅचर म्हणजे बॅटवाल्याच्या मागे उकिडवं बसून बॉल झेलणारा. शाळेत तिथे बसायला कोणी तयार नव्हतं. मी क्रीडाशिक्षकांना म्हटलं, "बसतो, पण ग्लव्ह माझ्या घरी राहील." दोन दिवस ते नाही म्हणाले. तिसऱ्या दिवशी ग्लव्ह माझ्या पिशवीत होता.

झेलायला मी आपला आपण शिकलो, असं मी बरीच वर्षं सांगत फिरलो. ते खोटं आहे. मला याडीने, म्हणजे आईने शिकवलं. उन्हाळ्यात आम्ही टरबुजाच्या गाड्या भरतो. खालचा माणूस टरबूज फेकतो, वर ट्रकच्या फाळक्याशी उभा असलेला झेलतो. आधी तिथे याडी उभी असायची, नंतर मी. टरबूज हातात आलं की हात त्याच्यासोबत खाली न्यायचे, म्हणजे ते फुटत नाही. पाच वर्षांत माझ्या हातून मोजकीच फुटली.

राज्याच्या संघाच्या निवडीत हाच हात आडवा आला. बॉल बरोबर उंचीवर यायचा, मी सवयीने ग्लव्ह खाली न्यायचो आणि मागे उभ्या पंचाला वाटायचं, बॉल खालूनच गेला. पिचरची, म्हणजे बॉल फेकणाऱ्याची, मेहनत वाया. मी मास्क फेकून पंचावर ओरडलो. तेव्हा निवड समितीतले एक गृहस्थ सगळ्यांसमोर म्हणाले, "याला बॉल नको, टरबूज द्या." मैदान हसलं. यादीत माझं नाव नव्हतं.

आठ दिवस मी घरात आदळआपट केली. वशिला, शहर, तांडा, सगळ्यांवर खापर फोडलं. याडीने हा खेळ कधी पाहिला नव्हता. नवव्या दिवशी ती म्हणाली, "दाखव, कसा झेलतं ते."

मी दाखवलं.

"हात खाली कायले नेतं?"

"तुहीच सवय आहे."

"टरबूज फुटते म्हणून नेतो आपण. बॉल फुटते काय रे, येड्या?"

मी बॉल तिच्या हातात दिला.

मग तीच बॉल फेकायला लागली. नियम एकच: ती "हं" म्हणेपर्यंत ग्लव्ह जागचा हलवायचा नाही.

"रोज वीस," मी म्हटलं.

"शंभर."

"चाळीस. अन् ऊन उतरल्यावर."

"साठ. अन् तोंड बंद ठेवून."

साठावर ठरलं. व्यापाऱ्यांना घाम फोडणारी माझी घासाघीस कुठून आली, ते त्या दिवशी कळलं. दोन वर्षं तिने फेकलं. उजवा खांदा धरला तेव्हा डाव्या हाताने फेकलं.

लीगवाले नागपूरला चाचणी घ्यायला आले. त्यांना एकच कॅचर हवा होता. हे हुकलं तर ग्लव्ह शाळेला परत करायचा आणि खेळ सोडायचा, असं मी ठरवलं होतं. पिचर बाहेरचा, त्याचा बॉल दिसण्याआधीच येणारा. पहिलाच बॉल गुडघ्याच्या उंचीवर आला. हात खाली जायला निघाला होता. पण "हं" ऐकू आलं नव्हतं. ग्लव्ह तिथेच थांबला. मागून पंच ओरडला, "स्ट्राइक!" म्हणजे बॉल बरोबर उंचीवर.

करारावर सही करण्याआधी मी अट घातली: मार्च-एप्रिल मी घरी. ते हसले, मग त्यांनी लिहून दिलं.

तालुक्यात सत्कार झाला. हार घालायला निवड समितीतले तेच गृहस्थ. म्हणाले, "मी तेव्हाच ओळखलं होतं." माझं डोकं तापलं. याडीने मागून कोपर टोचलं.

"पाया पड."

"नाही."

"अर्धा तरी वाक."

अर्धा वाकलो. राग गेलेला नाही. टरबुजाचं ते म्हणाले ते खरं होतं, हीच तर अडचण आहे. पण कानात सांगता आलं असतं.

यंदा एप्रिलमध्ये फाळक्याशी उभा राहिलो. खालून याडीने पहिलं टरबूज फेकलं. मी झेललं, हात घट्ट, जागच्या जागी. ते छातीवरच फुटलं. सदरा लालेलाल.

याडी पोट धरून हसली. "हे फुटते ना रे बाबू!"

त्याचे तुकडे आम्ही दोघांनी ट्रकच्या सावलीत बसून खाल्ले. मग मी पुन्हा वर चढलो आणि हात खाली न्यायला नव्याने शिकलो.