श्रीरंगचा पूर्वपक्ष

वैजयंतीचा फोन आला तेव्हा मी आर्नहेमच्या घरी, ऑफिसच्या मीटिंगमध्ये कॅमेरा बंद करून मेथी निवडत बसले होते. "मेधा, श्रीरंग गेला," एवढंच ती म्हणाली. करोनाने त्याला हॉस्पिटलात नेल्यापासून ही धास्ती मनात होतीच, तरी माझ्या तोंडून निघालं ते हे, "अगं, पण शनिवारी आमचा वाद आहे..." आजही ते आठवलं की मेल्याहून मेल्यासारखं होतं. वैजयंती त्याची बायको, पण ती शांतपणे म्हणाली, "हो ना. तोही तेच म्हणत होता."

श्रीरंग आणि मी पुण्याला एका वर्गात होतो आणि तेव्हापासून भांडत होतो. नोकऱ्यांनी दोघांना नेदरलँड्सला आणलं, तो ॲमस्टरडॅमजवळ डीमनला, मी इकडे पूर्वेला. पहिल्या लॉकडाउनमध्ये शाळा बंद झाली, त्याची लेक ईरा घरात कंटाळली, तेव्हा त्याने तिच्यासाठी एक देश रचला. त्या देशात सूर्य नाही. डोंगरातल्या झऱ्यांतून उजेड वाहतो आणि लोक तो घागरींनी घरी भरून आणतात. ईराने नकाशा काढला, झऱ्यांना नावं ठेवली. आता देश म्हटला की विद्वान आले आणि विद्वान आले की तंटा आलाच. श्रीरंग झाला संचयवाद्यांचा आचार्य. उजेड ज्यावर पडतो त्यात थोडा मुरतो, घागर रिकामी झाली तरी उरतो, हे त्याचं मत. मी प्रवासवादी. उजेड म्हणजे वाटसरू, त्याचा मुक्काम कुठेच नाही. दर शनिवारी दुपारी व्हिडिओ कॉलवर सभा भरायची आणि ईरा न्यायाधीश.

नियम एकच होता, जुन्या शास्त्र्यांचा. खंडन करण्याआधी समोरच्याचा पूर्वपक्ष मांडायचा आणि तोही असा, की त्याने मान डोलावून म्हटलं पाहिजे, "हो, हेच माझं म्हणणं." तोवर तोंड उघडायचा हक्क नाही. माझी बाजू तो इतकी सुरेख मांडायचा की ती मलाच नव्याने कळायची. मी मुळात उतावळी. चार वाक्यांत त्याचं मत उरकायचे, त्यातली दोन टोमण्यांत. तो चहाचा घोट घेऊन म्हणायचा, "बाईसाहेब, हे माझं मत नाही, हा तुमचा राग आहे." दोन हिवाळे गेले, पण त्याचं "हो" काही मला मिळालं नाही. ते मिळवायचंच, असा मी चंग बांधला होता... आणि माणूसच निघून गेला.

अंत्यसंस्काराला मोजक्याच माणसांना परवानगी होती, मी ते स्क्रीनवर पाहिले. काही आठवड्यांनी, शनिवारी दुपारी, ईराचा कॉल आला. बापाच्या खुर्चीत बसली होती.

"मावशी, आर यू कमिंग ऑर नॉट?"

"न्यायाधीश कोण मग?"

"नोबडी. आय ॲम संचयवादी नाउ."

मग मी आयुष्यात प्रथमच टोमणा न मारता श्रीरंगचं म्हणणं मांडलं. घागर रोज एकाच कोनाड्यात ठेवली, तर ती नसतानाही अंधारात हात नेमका तिथेच जातो. त्या हाताला वाट कोण दाखवतं? कोनाड्यात मुरलेला उजेड. ईरा खाली मान घालून ऐकत होती.

"नॉट येट," ती म्हणाली. आणि मग, एरवी मराठीला इंग्रजीत उत्तर देणारी ती पोर सावकाश म्हणाली, "बाबा कोनाड्याचं नाही म्हणायचा. हाताचं म्हणायचा. उजेड हातात राहतो."

त्यानंतर बरेच शनिवार झाले. आता श्रीरंगचा पक्ष मला झोपेतून उठवलं तरी मांडता येईल. मागून ऐकणारी वैजयंती म्हणते, "अगं, याहून बरं तर तोही बोलत नव्हता." ईरा तरीही "नॉट येट" म्हणते आणि काहीतरी खुसपट काढते. तिने "हो" म्हटलं की पुढची पाळी माझी. उजेड कुठेच उरत नाही, हे मला तिच्या तोंडावर सिद्ध करावं लागेल. हे तिला कळतं आणि मलाही. म्हणून मी खुसपट मान्य करते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करते.