टेपचं दुसरं टोक

मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवणारा माणूस नाही. दारावर टांगलेलं लिंबू दिसलं की मला फक्त सरबत वाया गेल्याचं वाईट वाटतं. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर मी — बी.एस्सी., फिजिक्स — आणि हे सांगताना आजही छाती थोडी फुगतेच. तेव्हा पुढचं वाचून हसलात तरी चालेल... मीही हसतच सांगतोय.

साल सत्त्याण्णव. पुढे कॅमेरामन म्हणून मी बऱ्याच मालिका केल्या, पण तेव्हा फोकस असिस्टंट होतो. म्हणजे कॅमेऱ्यापासून नटाच्या डोळ्यापर्यंतचं अंतर टेपने मोजायचं आणि लेन्स त्या आकड्यावर फिरवायची. नाशिकला मखमलाबाद रोडवर आमचा फुलांचा मळा. वडिलांना — आम्ही अण्णा म्हणतो — हे काम अजिबात पटायचं नाही.

"येवढा शिकून लोकांच्या नाकाला टेप लावतो? मंग शिंप्याकडंच ठिवला असता की तुला!"

त्यात एका मराठी सिनेमात माझे दोन क्लोजअप धूसर आले. आमचे कॅमेरामन, सगळे त्यांना दादा म्हणत, शांतपणे म्हणाले, "ग्रॅज्युएट, अजून एक शॉट सॉफ्ट आला की बॅग भरायची."

तो शॉट आला पिंपळगाव बसवंतला. द्राक्षांचा सीझन संपलेला, त्यामुळे एक कोल्ड स्टोरेज रिकामं मिळालं होतं. हिरो धुरातून चालत येणार, खुणेवर थांबणार, एक वाक्य बोलणार. टेक एकच, कारण त्याला लगेच मुंबई गाठायची होती. खूण मीच खडूने केली होती, कॅमेऱ्यापासून चौदा फुटांच्या आसपास. नेमकं माप घ्यायचं बाकी होतं.

माझा जोडीदार संतोष टेपचं टोक घेऊन आत गेला. मी लेन्सवर वाकलो, तेवढ्यात धुराचं मशीन सुरू झालं, मागून मोठा लाइट लागला... समोर नुसती दुधाची भिंत.

"संत्या, धरला का रे?"

टेपला दोन झटके बसले. ही आमची पद्धत — दोन झटके म्हणजे डोळ्याच्या उंचीला धरलाय, वाच. मी वाचलं. बारा फूट!

"अरे खुणेवर धर ना! डोळे फुटले का?"

पुन्हा दोन झटके. या वेळी जरा जोरात, चिडल्यासारखे. आकडा बाराच.

"ग्रॅज्युएट, मुहूर्त काढू का?" दादा ओरडले.

मी टेप गुंडाळला. डोकं म्हणत होतं चौदा. पण ते झटके इतके ठाम होते की लेन्स बारावर नेली आणि मनातल्या मनात बॅग भरायला घेतली.

हिरो आला... खुणेवर थांबलाच नाही! दोन फूट पुढे येऊन उभा राहिला आणि वाक्य बोलला. कट.

"सॉरी हां, धुरात खूण दिसलीच नाही. अंदाजाने थांबलो," तो म्हणाला.

मी मनात म्हटलं, संत्या, तुझ्या तोंडात साखर. तर संत्या माझ्या पाठीमागच्या दारातून आत येतोय!

"कुठे होतास?"

"जनरेटरपाशी. धूर सोडायच्या आधीच बाजूच्या दारातून पिटाळलं मला. टेप ठेवला होता की खुणेवर, खाली."

"मग झटके कोणी दिले?"

"कसले झटके? सकाळी जेवलास ना तू?"

धूर गेल्यावर आम्ही जागा पाहिली. टेप अडकेल असा खिळा नाही, क्रेट नाही. युनिट सगळं कॅमेऱ्याच्या मागे. हिरो पार पलीकडच्या टोकाला, आणि टेप कशाशी खातात हे त्याला ठाऊकही नव्हतं. बरं, कोणी धरला असेलही... पण हिरो चुकून कुठे थांबणार, हे त्याला आधी कसं कळलं?

आठवड्याने मुंबईत रशेस, म्हणजे धुऊन आलेली कच्ची फिल्म, पाहिली. पापणीचा केस न् केस मोजून घ्यावा असा शॉट. दादा वळून एवढंच म्हणाले, "राहा."

पुढे अण्णांनी नाशिकला थेटरात तो शॉट पाहिला आणि शेजारच्या अनोळखी माणसाला कोपर मारून सांगितलं, "आमच्या पोराचं माप हाय ते!" त्या रात्री जेवताना मी त्यांना सगळं सांगितलं. ते घाबरले नाहीत की हसले नाहीत.

"मंग त्याला च्या पाजला का?"

"कोणाला अण्णा? तिथे कोणी नव्हतंच!"

"तुझं काम राखलं त्यानं, अन् तू त्याला साधा च्या नाय विचारला? लय शिकला बाबा तू."

तिथे कोण होतं, याचं उत्तर माझ्याकडे आजही नाही. अण्णांच्या प्रश्नाचं मात्र आहे — नाही पाजला. आणि खरं सांगू का, तेच जास्त लागतं.