लाडवाला कसं कळतं?

हसणारा माणूस आपल्या बाजूचा असतो, असं मी चाळिशी उलटल्यावरही मानत होते. इतकी बावळट बाई तेव्हा बंगळुरातल्या अख्ख्या बनशंकरीत दुसरी नसावी. त्याच समजुतीच्या भरात मी भरल्या सभागृहात माइकवरून घरच्या हळदीकुंकवाचं आमंत्रण देऊन बसले.

नात हल्ली मला फोनवर स्टँडअप दाखवते. एक मुलगी उभी राहून लग्न, जात, सासू, सगळ्यांची सालं काढते आणि लोक पोट धरून हसतात. "आजी, तुमच्या वेळी असलं नव्हतं ना?" होतं, बाई. आम्ही त्याला एकपात्री म्हणायचो आणि खांद्यावरचा पदर सांभाळत करायचो. नव्वदच्या दशकात आमच्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात एक संध्याकाळ बायकांना मिळे. त्या वर्षी मी विषय घेतला, विधवांना हळदीकुंकवाला न बोलावण्याचा.

विषय घरातलाच होता. माझ्या थोरल्या जाऊबाई, कानडी शेजाराच्या संगतीने आम्हा सगळ्यांच्याच अक्का, थोरले दीर गेल्यापासून आमच्याकडे राहत. संक्रांतीचे तिळाचे लाडू त्याच वळत, आणि बायका यायची वेळ झाली की आतल्या खोलीत जाऊन दार लोटून घेत. कुणाला सांगावं लागत नसे.

एकपात्री रचायला मदतीला होती माझी मैत्रीण. शेजारच्या इमारतीत राहायची. दुपारची माझ्या ओट्याशी टेकून उभी राहायची आणि मी एक वाक्य म्हटलं की ती त्याला फोडणी द्यायची. शेवट तर सगळा तिचाच. "माइकवरूनच आमंत्रण दे की सगळ्यांना. येत्या संक्रांतीला अक्कांच्या हातचा लाडू अक्कांच्याच हातून, असं म्हण. बघ टाळी कशी पडते."

टाळी पडली. आधी हशा पडला. "नवरा जिवंत आहे, एवढ्या एका गुणावर मला दर वर्षी स्टीलची वाटी मिळते," मी म्हटलं. "खरं तर ती त्याच्या डॉक्टरला द्यायला हवी." मंडळाचे एक आजोबा हसता हसता खोकायला लागले. "लाडू वळायला विधवा चालते, द्यायला चालत नाही. लाडवाला कसं कळतं हो?" मैत्रीण पहिल्या रांगेत पदराने डोळे पुसत होती. मी आमंत्रण दिलं आणि बायका उठून उभ्या राहिल्या. अक्का मागे मान खाली घालून बसल्या होत्या. मला वाटलं, गहिवरल्या.

घरी आल्यावर म्हणाल्या, "मला विचारायचं तरी होतंस."

"अक्का, टाळ्या ऐकल्या नाहीत का तुम्ही?" मी म्हटलं. त्या टाळ्या मी बँकेत ठेवल्यासारख्या जपल्या होत्या.

संक्रांतीपर्यंत अक्का नाही नाहीच म्हणत राहिल्या. आदल्या दिवशी मात्र त्यांनी ट्रंकेतून जांभळी इरकल काढली, खांद्यावर धरली आणि माझ्याकडे न बघता विचारलं, "फार भडक नाही ना दिसत?" तेवढ्यावर मी रात्रभर खूश होते.

दुसऱ्या दिवशी दुपारपासून अक्का दाराजवळच्या खुर्चीत ताट घेऊन बसल्या. वाण म्हणून आणलेल्या वाट्या मी चार वेळा पुसल्या. कुणी आलं नाही. "स्वल्प थांब," अक्का म्हणाल्या. "सणाचा दिवस आहे, येतील." मला खात्री होती की मैत्रीण सगळ्यांना गोळा करून एकदमच आणणार. दिवेलागणीला मी म्हटलं, आपणच जाऊन त्यांना घेऊन येऊ. तिच्या सासूबाई गावाहून आल्या होत्या, म्हणून अक्कांनी लाडवांचा डबाही बरोबर घेतला.

मैत्रिणीच्या दारात चपलाच चपला. एकूण एक माझ्या ओळखीच्या. दार उघडं होतं, पडदा ओढलेला होता आणि आतून अत्तराचा वास येत होता. मग माझाच आवाज ऐकू आला. मैत्रीण माझी नक्कल करत होती. मी वाक्याआधी घसा खाकरते तो खाकरून, मी शेवटी सूर वर नेते तसा नेऊन तिने विचारलं, "लाडवाला कसं कळतं हो?"

आतल्या बायका हसल्या. सभागृहात हसल्या होत्या तशाच, त्याच जागी.

अक्कांनी जरा वेळ ऐकलं. "तुझ्यापेक्षा बरी करते गं," एवढंच म्हणाल्या, डबा पदराखाली घेतला आणि जिना उतरायला लागल्या.

पडदा सारून मी आत गेले असते, तर ही गोष्ट आज नातीला छाती काढून सांगितली असती. मी चप्पलसुद्धा न वाजवता अक्कांच्या मागे खाली आले. घरी त्यांनी इरकलीची घडी घातली, ती पुन्हा ट्रंकेच्या तळाशी गेली.

सकाळी मैत्रीण आली, हातात कुंकवाचा करंडा आणि वाटी. "सासूबाईंनीच परस्पर सगळ्यांना बोलावलं गं. त्यांच्यासमोर काय सांगू, अक्कांकडे चला म्हणून?" मी मागे सरायच्या आत तिने माझ्या कपाळाला कुंकू लावलं, हातात वाटी दिली. एकच वाटी. स्वयंपाकघरात अक्का भांडी विसळत होत्या, तो आवाज थांबला.

"आमंत्रण दे म्हणून तूच सांगितलंस," मी म्हटलं. "पहिल्या रांगेत बसून सगळ्यात जास्त तूच हसलीस."

ती ओशाळली असती तर मला सोपं गेलं असतं. तिला खरंच काही कळत नव्हतं. करंड्याचं झाकण लावत म्हणाली, "अगं, हसलो ना आम्ही? आणखी काय करायचं होतं?"