स्टंपांमागची काकू

काकूला राग यायचा नाही, ती रागातच असायची. स्टंपांच्या मागे उकिडवी बसली की तिचं तोंड सुरू व्हायचं, ते ओव्हर संपली तरी थांबायचं नाही. मी ऑफस्पिन टाकायचे. चेंडू जरा आखूड पडला की मागून आवाज यायचा, "काय वं, सकाळी जेवली नाही का?" समोरच्या बॅटरला वाटायचं, चला, ही आपल्याच बॉलरला बोलते आहे. ती जराशी सैलावायची आणि क्रीझबाहेर पाऊल टाकायची. तेवढ्यात काकूने बेल्स उडवलेल्या असायच्या. वर त्या बिचारीलाही दोन शब्द सुनावायची, एवढी कशी बेसावध उभी राहते म्हणून.

काकू म्हणण्याएवढं तिचं वय मुळीच नव्हतं. जिल्हा संघाच्या पहिल्या सिलेक्शनला ती आली तेव्हा असेल चोविशीची. मंगळसूत्र बनियनच्या आत खोचलेलं आणि कडेवर पोरगी. पोरगी आमच्यातल्या एकीच्या हातात देऊन ती नेटमध्ये उतरली. आम्ही सगळ्या शाळा-कॉलेजातल्या, आम्हाला ती बाईच वाटली. कोणीतरी काकू म्हटलं आणि तेच चिकटलं. पुढे पंचसुद्धा तिला काकूच म्हणायला लागले.

तिचा लाडका प्रश्न एकच, 'काहून?' महिलांची स्पर्धा दरवर्षी एप्रिलच्या उन्हातच काहून? तर थंडीत मैदान पुरुषांना लागतं. पुरुषांनी महिनाभर खेळून खड्डे पाडलेली खेळपट्टीच आम्हाला काहून? तर नवी करायला माळी मोकळा नसतो. संघटनेचे सचिव होते, त्यांना सगळे साहेब म्हणायचे. ते हसून म्हणायचे, "अहो, मिळतंय ते खेळा ना." असं हसून बोलणाऱ्या माणसांचा मला आजही संताप येतो. ओरडणाऱ्याशी निदान भांडता तरी येतं.

आम्हाला कपडेही पुरुषांच्या संघाचे उरलेले मिळायचे. खांदे कोपरापर्यंत लोंबायचे, पँट धावताना एका हाताने धरावी लागायची. काकू ते सगळे गाठोड्यात बांधून मनीषनगरला आपल्या घरी न्यायची. मिहानमधल्या एका कंपनीत ती पॅकिंगला होती. दिवसभर उभी राहून यायची आणि मग शिलाई मशीनवर बसायची. मी उमरेडची, सामन्याच्या आदल्या दिवशी एसटीने यायचे आणि तिच्याकडेच मुक्काम करायचे, म्हणून हे सगळं डोळ्यांनी पाहिलं आहे. मशीन चालवताना ती साहेबांना ज्या शिव्या द्यायची त्या इथे लिहिता येणार नाहीत. लिहायला हव्यात, खरं तर. शिवता शिवता तिला माझ्या ताटातली भाकरी संपलेलीही बरोबर दिसायची, आणि मला वाढायला उठताना ती माझ्यावरही ओरडायची.

तिला राज्याच्या संघातून खेळायचं होतं. बस, एवढंच. किपिंगमध्ये तिच्या तोडीची कोणी नव्हती हे सगळ्यांना ठाऊक होतं, तरी ऐन वेळी तिचं नाव गळायचं. आधी म्हणायचे, मूल लहान आहे, दौऱ्यावर कशी येणार? मूल मोठं झालं तर म्हणायचे, आता वय झालं. म्हणजे मधलं योग्य वय कुठलं होतं ते कोणी सांगेल का? त्या वर्षी मात्र किपरची जागा खरोखर रिकामी झाली. आमचा संघ आंतरजिल्हा स्पर्धेच्या फायनलला पोचला, आणि निवड समितीच्या माणसाने काकूला सरळ सांगितलं, की मी फायनल पाहायला येतो, बॅटिंग दाखवा, किपिंग दाखवा, जागा तुमची.

बॅटिंग तिने दाखवली. आमची बॅटिंग आधी आली आणि काकू शेवटपर्यंत नाबाद राहिली. पूर्ण पन्नास ओव्हर. कडुलिंबाखाली खुर्ची टाकून बसलेला निवड समितीचा माणूस चक्क टाळ्या वाजवत होता. जेवणानंतर आम्ही फील्डिंगला उतरलो. त्यांच्या चार विकेट काढल्या, त्यातल्या दोन काकूने मागे झेलल्या. आणि तेवढ्यात फाटकातून बिछायत केंद्राचा ट्रक आत आला.

ट्रकमधून बांबू उतरले, कनाती उतरल्या, खुर्च्यांचे ढीग उतरले. दोन माणसं सब्बल घेऊन सीमारेषेच्या आतच खड्डे खणायला लागली. पंचांनी खेळ थांबवला. साहेब लगबगीने आले. कोण्या मोठ्या माणसाच्या मुलाचं रिसेप्शन होतं आणि संध्याकाळसाठी मैदान त्यांना दिलेलं होतं. साहेब म्हणाले, "महिलांची मॅच, जेवणाच्या सुट्टीपर्यंत आटपेल असं धरलं होतं हो. तुम्ही एवढं खेळाल हे कोणाला माहीत?"

आजही हे वाक्य आठवलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. आम्ही चांगलं खेळलो, हा आमचा गुन्हा. पोरी तासा-दीड तासात बाद होणार हे यांनी मनाशी पक्कं केलं होतं, आणि त्या भरवशावर मैदान देऊन टाकलं होतं. फायनलचं मैदान!

काकू ग्लोव्ह्ज न काढता खेळपट्टीच्या मधोमध बसली. आम्हीही बसायला निघालो तर तिने आम्हाला हाकललं. तुम्हाला पुढे खेळायचं आहे, सीमारेषेवर जाऊन उभ्या राहा म्हणाली. साहेबांनी आधी विनवण्या केल्या, मग दम दिला. ती ओरडली नाही. पहिल्यांदाच तिचा आवाज इतका खाली आलेला मी ऐकला. कडुलिंबाखालच्या खुर्चीकडे हात करून म्हणाली, "साहेब, अर्धी मॅच मी त्याईले दाखवली. उरलेली अर्धी दाखवू द्या. खड्डे मंग खणा."

निवड समितीच्या माणसाने घड्याळ पाहिलं. उन्हासाठी डोक्याला बांधलेला दुपट्टा सोडला, घडी घातली, आणि तो गाडीत जाऊन बसला. त्याने एक शब्द टाकला असता तर खेळ झाला असता. पण त्या रिसेप्शनचं आमंत्रण त्यालाही असणार. गाडी फाटकाबाहेर गेली तशी काकू उठली.

विजेतेपद विभागून दिलं. काकूवर बेशिस्तीचा ठपका ठेवून बंदी घातली, आणि वर निरोप पाठवला की माफी मागा, विषय संपवू. काकूने एवढंच विचारलं की माफी कशाची, आणि बंदी तशीच राहिली. किपरच्या जागेवर दुसऱ्या जिल्ह्याची मुलगी गेली. चांगली होती, तिच्यावर माझा राग नाही. मी खेळणं सोडते म्हटलं तर काकू भडकली. "माझ्यापायी घरी बसली तं उमरेडले येऊन मारीन तुले." म्हणून मी खेळत राहिले, राज्याकडूनही खेळले. ती मात्र पुन्हा कधीच मैदानात उतरली नाही.

आता दिवस पालटले आहेत. महिला क्रिकेट टीव्हीवर दिसतं आणि सगळ्यांना एकदम आमचा अभिमान वाटायला लागला आहे. गेल्या वर्षी याच स्पर्धेच्या वेळी जुन्या खेळाडूंचा सत्कार ठेवला होता. साहेबांचं पद आता आणखी मोठं झालं आहे. आम्ही आमच्या लेकींच्या पाठीशी सदैव उभे राहिलो, असं ते बराच वेळ बोलले. मी मुठी आवळून ऐकत होते. मग काकूला शाल दिली, श्रीफळ दिलं, आणि दोन शब्द बोलायला सांगितलं.

काकूने माईक हातात घेतला. केस पांढरे झाले आहेत तिचे. म्हणाली, "साहेब, आमची ती फायनल राहिली आहे अजून. सहा जणी आउट व्हायच्या आहेत. ग्राउंड द्या, आमी येतो."

सभागृह हसलं. टाळ्या पडल्या. साहेबही हसले, आणि माईक घेऊन म्हणाले, काकूंचा स्वभाव पहिल्यापासूनच मोठा विनोदी, बरं का.

काकू येऊन माझ्या शेजारी बसली. शाल मांडीवर ठेवली आणि माझ्याकडे न बघता हळूच म्हणाली, "हसले सगळे. मी खरंच मागून राहिली होती वं."