सोमवारचा बांगडा

जामसंड्यात फ्लॅट घेतला तो शेजारीपाजारी नकोत म्हणूनच. गावच्या घरी कुणीही कधीही पडवीत येऊन बसतं. इथे दार लावलं की विषय संपला. नोकरी संपलेला एकटा माणूस मी, कुणाच्या अध्यात ना मध्यात. समोरच्या दारातल्या काकीही एकट्याच. जिन्यात भेटलो तर "जेवलंस?" आणि "जेवलंय," एवढाच आमचा संबंध.

गेल्या वर्षी काकी गॅस चालू ठेवून बाजारात गेल्या. मुंबईहून मुलगा धावत आला. जाताना मला आपला नंबर देऊन म्हणाला, "काही वेगळं वाटलं तर लगेच कळवा. पुन्हा काही विसरली तर घेऊनच जाणार तिला." मी हो म्हटलं. हो म्हणायला काय जातं? काकी त्याच्या मागेच उभ्या होत्या. त्यांचं उतरलेलं तोंड मी उगाच पाहिलं.

मध्यंतरी एका सोमवारी दुपारी जिन्यात तळलेल्या माशाचा वास सुटला. काकींचं माहेर कुणकेश्वरचं, महादेवाच्या गावचं; सोमवारी मासळी सोडाच, मासळीच्या भांड्यालाही त्या हात लावत नाहीत. मी दार उघडलं तर त्याच समोर, हातात ताटली.

"फ्रीजमधलो बांगडो आसा. खा गरम गरम." मग माझा चेहरा बघून थबकल्या. "आज मंगळवार मा?"

सोमवार मीही पाळतो. खरं सांगणार होतो, पण त्यांच्या मुलाचं बोलणं आठवलं. "मंगळवारच," म्हटलं आणि उंबऱ्यातच बांगड्याचा तुकडा मोडून तोंडात टाकला. चव छान होती, त्याचीच जास्त लाज वाटली.

खोटं बोललो खरा, पण ते निस्तरणं आलं. दुसऱ्या दिवशी काकी बुधवार धरणार आणि पुढचा सोमवार रविवारीच पाळणार. सकाळी मी त्यांची बेल वाजवली. या इमारतीत कुणाची बेल वाजवायची माझी ती पहिलीच खेप.

"काकी, आज मंगळवार आसा."

त्यांनी मला निरखून पाहिलं. "काल पण मंगळवारच होतो मा?"

मी मान खाली घातली.

"माज्या मुंबयच्या झिलाक सांगा नको हां," म्हणाल्या आणि चक्क हात जोडले. आईच्या वयाच्या बाईने जोडलेले हात मला बघवले नाहीत. ते धरून मी खाली घेतले. "नाय सांगणंय," म्हटलं.