हात मागे

गल्लीत तिला सगळे हातवारेबाई म्हणत. तोंडावर नव्हे, पण तिला ते कळायचं. साखर संपली की ती दुकानदाराला आधी चिमूट करून दाखवी आणि मग आठवण झाल्यासारखं म्हणे, "साखर." त्यात तिचा काय दोष? ती यंत्रमागाच्या शेडमध्ये कामाला होती. तिथे सगळे माग एकदम धडधडायला लागले की शेजारणीच्या कानात ओरडलं तरी ऐकू जात नाही. म्हणून तिथला कारभार हातांनी चाले. दोन बोटं कातरीसारखी हलवली की धागा तुटला. दोन्ही हात लांब फाकले की लांब. मूठ वळून स्वतःकडे ओढली की माग सुरू कर. आणि दोन्ही तळवे झटकन छातीशी नेले की हात मागे. ही शेवटची खूण ती सगळ्यांत आधी शिकली, कारण ती कामाला लागली आणि लगेचच तिला काम शिकवणाऱ्या बाईचा हात मागाच्या पट्ट्यात गेला. तेव्हापासून ती मागापुढे जीव मुठीत धरूनच उभी राहायची.

तिची मुलगी, ठकी, त्याच शेडमध्ये वाढली. ठेवणार तरी कुणाजवळ? बाप रात्रपाळीला, दिवसभर घरात झोपलेला. मग पोरगी सूत गुंडाळायच्या कांड्यांच्या खोक्यांमागे, आईच्या नजरेच्या टप्प्यात. कुठे जरा सरकली की आईचे तळवे छातीशी जात, आणि ठकी जागच्या जागी थांबे. दुपारी घरी यावं, तर बाप अजून झोपेत, म्हणून ओठांवर बोट. तो कामावर गेला की आईचं डोकं इतकं भणभणलेलं असे की बोलायची वासनाच उरत नसे. शिवाय बोलायचं कशाला? पोरीला तहान लागली हे तिला पोरीच्या आधी कळायचं. आपण फार चांगली आई आहोत, असा तिचा समज होता.

बालवाडीच्या बाईंनी तो मोडला. "ही एक शब्द बोलत नाही," त्या म्हणाल्या. "सांगितलेलं तिला कळतं की नाही, तेही समजत नाही. आधी कुणाला तरी दाखवून आणा, मग बघू."

ती पोरीला घेऊन घरी आली. नणंदेनं धीर दिला, "अगं, आमचा धाकटाही उशिराच बोलला." आणि वर जोडलं, "पण तो निदान भोकाड तरी पसरायचा." असा धीर नणंदांनीच द्यावा.

ठकी बोलत नाही याचंच फक्त भय नव्हतं. तिच्या डोक्यात शब्दच नसतील तर ती विचार तरी कशानं करत असेल? माग चालवताना, भाकरी थापताना, झोपलेल्या पोरीच्या कपाळाकडे बघताना तिला वाटायचं, या कपाळामागे काहीच नसेल तर? हे कुणाजवळ बोलायची तिची छाती होत नव्हती.

दवाखान्यात मुलांची वाचा तपासणाऱ्या बाई होत्या. त्यांनी ठकीचे कान तपासले. कान ठणठणीत होते. मग त्यांनी लहानमोठ्या वाट्या पुढ्यात मांडल्या आणि एकीत एक बसवायला सांगितलं. ठकीनं वाट्यांकडे पाहिलं, हात छातीशी घेतले आणि ती तशीच बसून राहिली.

"डोकं कमी आहे का हिचं?" आईनं शेवटी विचारलं.

"आज तरी नाही सांगता येणार," बाई म्हणाल्या. "मुलं एकटी खेळताना स्वतःशी बडबडतात, बघितलंय ना? हे इथे ठेवू, ते पडेल, असं. तो त्यांचा विचारच असतो, मोठ्यानं केलेला. पुढे तो आत जातो. ही एकटी असताना काय करते ते बघा आणि मला सांगा. तिला कळू देऊ नका."

बघायचं म्हटलं आणि तिची पाचावर धारण बसली. काहीच दिसलं नाही तर? एक दिवस तिनं टाळलं. दुसऱ्या दिवशी दुपारी मात्र ती स्वयंपाकघराच्या दाराआड उभी राहिली.

नवरा खाटेवर घोरत होता. ठकीची खेळायची रिकामी कांडी घरंगळत कपाटाखाली गेली होती. पोरगी जमिनीला गाल लावून आत बघत होती. मग ती उठून बसली आणि तिचे हात हलायला लागले. समोर कुणी नव्हतं. बोटानं आत दाखवलं. हात फाकले, लांब. स्वतःचा इवलासा हात बघून मान हलवली. भिंतीला टेकवलेल्या झाऱ्याकडे पाहिलं आणि पुन्हा हात फाकले, लांब.

आईनं तोंडात पदर कोंबला. पोरगी बोलत होती. स्वतःशी, शेडच्या भाषेत, बडबड बडबड करत होती. कपाळामागे सगळं होतं.

ठकीनं झाऱ्याकडे हात नेला. तो अर्ध्यावर थांबला. दोन्ही तळवे झटकन छातीशी गेले. हात मागे. तिनं कांडीकडे एकदा पाहिलं आणि ती गप्प बसून राहिली.

ही खूण पोरीला कुणी केली नव्हती. तिची तिनंच केली होती. आपण हिला विचार करायला शिकवलं, आणि त्याच्या शेवटी आपलं भय लावून दिलं. आपण शेडमध्ये नसलो, या घरात नसलो, जगातच नसलो, तरी ही स्वतःला अशीच मागे ओढत राहील. आधीचं भय याच्यापुढे काहीच नव्हतं.

ती दाराआडून पुढे आली. ठकी दचकली, हात अजून छातीशीच. आईनं मूठ वळली आणि स्वतःकडे ओढली. सुरू कर.

ठकीनं खाटेकडे पाहिलं आणि ओठांवर बोट ठेवलं.

"सुरू कर," आई मोठ्यानं म्हणाली. घरात इतका मोठा आवाज तिनं कधी काढला नव्हता.

नवरा धडपडत उठला. "काय झालं?"

"काही नाही. आम्ही बोलतोय."

ठकीनं झारा उचलला, पालथी पडली आणि कपाटाखालच्या अंधारात हात घातला, आधी मनगटापर्यंत, मग कोपरापर्यंत, मग पार खांद्यापर्यंत. आईचे तळवे आपोआप छातीशी आले. ठकी मान वळवून तिच्याचकडे बघत होती. आईनं ते खाली ओढले आणि मागे लपवून घट्ट धरून ठेवले.